निजवणारीची रजा

शंखनेरच्या खाणीतला फॉस्फेटचा थर सतत झोपलेला असावा लागतो, आणि त्याला झोपवण्यासाठी खाणीत एक पगारी निजवणारी नेमलेली आहे.

यात नवल काही नाही. कोळसा आपणहून झोपतो. तो मुळात झाडांचा, एकदा आडवा झाला की उठायचं नाव घेत नाही. मँगनीजला झोप काय आणि जाग काय, दोन्ही सारखंच. फॉस्फेटचं तसं नसतं. तो जुन्या समुद्राच्या तळाशी साचलेला. माशांचे दात, शिंपले, कुणाकुणाच्या पाठीचे मणके, सगळं त्यात घट्ट बसलेलं. एवढी हाडं एका जागी म्हटल्यावर झोप सावध असणारच. आणि हा थर जागा झाला, की आपण समुद्र आहोत हे त्याला आठवतं. आठवलं की तो समुद्र होतो, आणि खाण, वसाहत, शाळा सगळंच त्याच्या तळाशी जातं.

मी तिथला भूवैज्ञानिक. रोज सकाळी खाली उतरायचं, खडकाला कान लावायचा आणि मॉलिब्डेटच्या द्रावणाचा थेंब टाकायचा. थेंब सावकाश पिवळा झाला तर थर गाढ झोपेत, चटकन झाला तर चाळवलेला. त्याप्रमाणे काम सुरू करायची परवानगी द्यायची, एवढीच माझी नोकरी. माणसांपेक्षा मला खडक बरे वाटतात, हे मी कधी लपवलेलं नाही.

निजवणारी होती नलू नन्नावरे. आधी तिची आई गिरजाबाई या जागेवर होती; तिचा आवाज बसला तेव्हा नलू आली. खाणीच्या तोंडाशी पत्र्याच्या सावलीत बसून ती अंगाई म्हणायची आणि खाली थर संथ श्वास घ्यायचा. अंगाई कुठलीही चालते. चिऊची, मोराची, घागरीची. फक्त तिच्यात चंद्र नको, कारण चंद्राच्या नावानं समुद्र उठतो.

त्यामुळे शंखनेर वसाहतीत चंद्राचं नाव कुणी काढत नाही. पूर्वेच्या खिडक्या विटांनी बंद आहेत. संकष्टीला बायका एकमेकींना "आले गं" एवढंच सांगतात आणि उपास सोडतात. कोजागिरीचं दूध आम्ही भर दुपारी पितो. सवय झाली की काही वाटत नाही.

अडचण झाली ती नलूच्या लेकीमुळे. सोनी जन्मली आणि झोपलीच नाही. रडायची नाही, कुरकुरायची नाही. नुसती डोळे उघडे ठेवून विटांच्या खिडकीकडे बघत राहायची. चंद्राची सोडून सगळ्या अंगाया म्हणून झाल्या. वरोऱ्याचे डॉक्टर म्हणाले, मूल झोपेत वाढतं, झोपेतच त्याची हाडं भरतात. ही अशीच जागी राहिली तर हाती लागायची नाही. पोरीचं मनगट काडीएवढं झालं होतं. मला पोरांतलं काही कळत नाही, पण ते मनगट पाहून माझी जेवणावरची वासना उडाली.

नलू माझ्या टेबलासमोर आली.

"साहेब, मले रजा पाहिजे. थराच्या बाहेर नेतो तिले. तिथं त्या विटांमागच्याचं गाणं म्हणून पाहतो."

"बदली कोण बसणार?"

"तेच तर इचारतो मी बी," मागून गिरजाबाई घोगऱ्या आवाजात म्हणाली. "बदली देऊन पाहाना जी एखादा."

दिला. शिपाई खोब्रागडे भजनात पेटी वाजवणारा माणूस, तयारीनं बसला. त्याच्या दुसऱ्या कडव्याला थरानं कूस बदलली आणि खालचे तीन टेकू मोडले. मग मी मुख्य कार्यालयाला विचारलं. त्यांचं म्हणणं आलं की बाळ हे खनिजांत मोडत नसल्याने त्याच्या झोपेचा विचार या खात्याला करता येत नाही, रजा नामंजूर.

"मग गिरजाबाई, तुम्हीच घेऊन जा पोरीला," मी म्हणालो.

"अंगावर पिते ते. अन् माह्या गळ्यात आता गाणं हाये कुठं?"

नलूच्या डोळ्यांखाली काळं पडलं होतं. दिवसा थर, रात्री घरूनच थर आणि लेक दोन्ही. ती स्वतः शेवटची कधी झोपली होती, हे तिलाही सांगता आलं नसतं.

"साहेब," ती म्हणाली, "मी उद्या दुपारी घरीच म्हणतो. त्या विटांमागच्याचं. तुमाले सांगून म्हणतो, चोरून नाही. सोनी निजली की चिऊचं म्हणून थराले परत निजवतो."

घर थराच्या अगदी मध्यावर होतं. मी नाही म्हणायला हवं होतं. मी म्हणालो, "जेवणाच्या सुट्टीनंतर म्हण. तोवर खाणीतली माणसं वर घेतो."

वसाहतीला कळवलं. मला वाटलं होतं, लोक भांडायला येतील. पण आमच्याकडे पाणी येणार म्हटल्यावर माणसं एकच काम करतात. दुसऱ्या दिवशी सकाळपासूनच रस्त्याच्या कडेला ड्रम, हंडे, घागरी, रंगाचे रिकामे डबे यांची रांग लागली. टँकर येतो तिथेच. पाणी खारट असेल, असं मी सांगून पाहिलं. एक बाई म्हणाली, "बरं झालं, वरणात मीठ टाकाले नाही लागणार."

दुपारी नलूनं पाळण्याची दोरी हातात घेतली. मी दारात उभा होतो. ती हळूच म्हणू लागली:

"उतर चंदा कौलावरून, पाय पूस अंगणात,
निजते माझी सोनुली, बस तिच्या पाळण्यात."

सोनीनं खिडकीवरची नजर काढली आणि आईकडे पाहिलं.

आधी फरशीच्या सांध्यांतून ओल आली. मग पाणी आलं, कोमट आणि स्वच्छ; घोट्यापर्यंत, मग गुडघ्यापर्यंत. रस्त्यावरचे ड्रम एकेक करून भरले आणि तरंगू लागले. माझ्या पायांजवळून एक मासा गेला. त्याचे दात मी ओळखले. तेच दात मी इतकी वर्षं काळ्या खडकात भिंगाखाली पाहत आलो होतो. त्यांच्याभोवती एवढा चंदेरी मासा असतो, हे मला ठाऊक नव्हतं. मला रडू आलं आणि मी ते आवरलं नाही.

पाळणा पाण्यावर उचलला गेला. नलूच्या हातातली दोरी सैल पडली, तरी पाळणा हलत राहिला. समुद्रच तो हलवत होता. सोनीच्या पापण्या खाली आल्या, पुन्हा उघडल्या, आणि मग मिटल्या.

आता ठरल्याप्रमाणे नलूनं चिऊचं गाणं म्हणून समुद्राला परत निजवायचं होतं. मी वाट पाहिली. गाणं आलं नाही. ती खाटेवर, भिंतीला डोकं टेकून, तोंड किंचित उघडं ठेवून गाढ झोपली होती.

गिरजाबाई पाण्यातून वाट काढत आली. तिनं लेकीकडे पाहिलं, नातीकडे पाहिलं, आणि मग माझ्याकडे. पाणी मांड्यांपर्यंत चढलं होतं. रस्त्यावर सगळी वसाहत आपापल्या ड्रमला धरून उभी होती. नलूला उठवणं माझं काम होतं. तिच्या खांद्याला हात लावला असता, तर ती दचकून उठली असती आणि गायली असती. खाण वाचली असती, माझी नोकरीही.

"उठवता का जी?" गिरजाबाईनं विचारलं.

मी दाराकडे वळलो. बाहेर पाणी क्षितिजापर्यंत पसरलं होतं, आणि एक मोठी लाट घराच्या दिशेनं येत होती. मी तोंडावर बोट ठेवलं आणि, बाहेर सगळ्यांना ऐकू जाईल पण आत जाणार नाही अशा बेतानं, म्हणालो, "निजवणारीची रजा मंजूर आहे."

लाट अंगणात आली, उंबऱ्याशी थांबली आणि आवाज न करता खाली बसली.