सरकारी बोकड पहिला आला

सरकारी शेळीपालन केंद्राच्या फाटकाची कडी लावायला ऑस्बर्ट मेलव्हिल विसरला, हे जगात दोघांनाच ठाऊक होतं: ऑस्बर्टला आणि बोकडाला. ईस्टरनंतरचा मंगळवार होता. बक्कू गावच्या मैदानावर शेळ्यांच्या शर्यती, आणि त्या दिवशी अख्ख्या टोबॅगो बेटावर कामावर असलेला माणूस म्हणजे एक तर कमनशिबी, नाहीतर सरकारी. ऑस्बर्ट दोन्ही होता. दहा मिनिटं शर्यत बघून येऊ म्हणून तो सटकला, आणि मागोमाग बोकडही.

या शर्यतीत जॉकी बोकडावर बसत नाही; दोरी धरून अनवाणी मागे पळतो. ऑस्बर्टला धावपट्टीवर सरकारी मालमत्ता दिसली. त्याने वहाणा फेकल्या, झेप घालून त्याच्या गळ्यातली दोरी पकडली आणि "थांब रे बाबा" म्हणत मागे धावला. बोकड थांबला, पण रेषा ओलांडून, पहिला आल्यावर. दुसऱ्या दिवशी पेपरात दोघांचा फोटो आला. त्यात बोकड जास्त प्रतिष्ठित दिसत होता.

केंद्राचे संचालक ह्युगिन्स साहेब यांनी आरोप ठेवला: सरकारी जनावर खाजगी शर्यतीत पळवलं. शिक्षा, बडतर्फी. पेन्शनला अकरा महिने उरले होते. ऑस्बर्ट सरळ माणूस. चौकशीत कडीचं सगळं कबूल करून माफी मागायची, असं त्याने ठरवून टाकलं.

"खरं बोलायची एवढी खाज असेल तर चर्चमध्ये जा," बायको युलीन म्हणाली. "तिथे पेन्शन जात नाही."

पण कबूल करायचं तर कुणी विचारायला नको? आरोप करणारे ह्युगिन्स साहेब, साक्षीदार तेच आणि निकाल देणारेही तेच. त्यामुळे मतभेद कसला तो झालाच नाही. ऑस्बर्ट चार वेळा चौकशीच्या खोलीत गेला: एकदा खुर्ची घेऊन, तीनदा गरम कोको घेऊन. पाचव्यांदा बोलावलं ते बडतर्फीचं पत्र हातात ठेवायला.

युलीनने त्याला दंडाला धरून वकिलाकडे नेलं आणि प्रकरण हायकोर्टात गेलं. न्यायमूर्ती बाईंनी सुरुवातीलाच बजावलं, की फाटक उघडं कुणी ठेवलं, हे कोर्ट बघणार नाही. या माणसाचं म्हणणं ऐकून घेतलं का, एवढंच बघायचं.

सरकारी वकील उठले. "अर्जदार चौकशीच्या खोलीत हजर होता, बाईसाहेब."

"त्याला काही विचारलं?"

वकिलांनी कागद खालीवर केले. "हो. साखर किती घातलीस, म्हणून."

बडतर्फी रद्द झाली. दुसऱ्या अधिकाऱ्याकडून नव्याने चौकशी करायची मुभा कोर्टाने दिली होती. पण तोवर सरकारने तोच फोटो पर्यटनाच्या कॅलेंडरवर छापला होता. नवी चौकशी कुणी मागितली नाही.

कामावर रुजू झाल्या दिवशी ऑस्बर्ट युलीनने भाजलेला कसाव्याच्या कंदाचा केक घेऊन साहेबांच्या खोलीत गेला. साहेब ओशाळले.

"चुकलंच माझं, ऑस्बर्ट. तुला एकदा तरी विचारायला हवं होतं."

"छे हो, साहेब. विचारलं नाहीत, म्हणून तर आभार मानायला आलोय."

साहेबांचा घास हातातच राहिला. "विचारलं असतं, तर काय सांगणार होतास?"

"खरं ते सगळं."

साहेबांनी त्याच्याकडे पाहिलं. मग उठून त्यांनी दार लोटलं आणि परत येऊन बशी पुढे केली.

"अजून एक तुकडा वाढ," ते म्हणाले, "आणि बोलू नकोस."