सारथी तुळाजी यांच्या परवान्याची आणि हौसाबाईंच्या साक्षीची हकीकत

श्री. ज्याने मनुष्यास हात दिले आणि हातांस काम नेमून दिले, तो या लेखणीस खरे चालवो. शके एकोणीसशे सत्तेचाळीस, विश्वावसुनाम संवत्सर, माघ वद्य तृतीया, ते दिवशी परवाना दरबारी जे घडले ते लिहितो. आम्ही तेथेच बाकावर आपल्या कामास खोळंबलो होतो. काही डोळ्यांनी पाहिले, काही बाईंनी मागाहून सांगितले, पदरचे एक अक्षर नाही.

पूर्वी या राज्यात ऐसा कायदा होता की, ज्यास फेफरे येते त्याने जन्मात गाडी हाकू नये. कायदा कडक आणि मूर्ख. कारण मग जो तो 'मज काही होत नाही' ऐसे लिहून देई आणि दरबार डोळे मिटून शिक्का मारी. मग वैद्यांनी मसलत केली आणि नवा हुकूम निघाला की, औषध चालू ठेवून एक वर्ष झटक्यावाचून जावे, मग परवाना परत द्यावा. आणि झटका आला तो ज्याचा त्यास पुष्कळदा ठाऊक नसतो, सबब घरचे एक माणूस साक्षीस आणावे. हुकूम शहाणा. परंतु सारे ओझे घरच्या माणसाच्या जिभेवर पडले, हे लिहिणारांच्या ध्यानी आले नाही.

डोंगरवाडीचे तुळाजी मेंगाळ हे सारथी. वाडीची सतरा लेकरे जीपगाडीत घालून घाट उतरून शाळेस नेत आणि परत आणीत, आणि नऊ वर्षांत एका लेकराच्या गुडघ्यास खरचटले नाही. मग गेल्या माघात अंगणी गाडी धूत असता त्यांस झटका आला, दहा जणांनी पाहिला, कोणी कांदा हुंगवला, कोणी पायताण. मग तुळाजी आपण होऊन दरबारी गेले आणि परवाना ठेवून आले. मग गाडी चुलतभाऊ चंदर हाकू लागला, आणि चंदर वळणावरही एका हाती फोन धरी. तुळाजी ओट्यावर बसून घाटातला आवाज ऐकत आणि तिसऱ्या वळणास गिअर चुकला की डोळे मिटून घेत. ऐसे दिवस काढिता मनुष्य वाळला, घरात बोलेनासा झाला, आणि भिंतीवरल्या कॅलेंडरावर रोज एक रेघ मारू लागला.

आणि अकरावा महिना संपत आला असता, पौष शुद्ध दशमीस सकाळी, तुळाजी दाढी करावयास उभे राहिले आणि आरशापुढेच आडवे जाहले. घरात त्यांच्या कारभारीण हौसाबाई एकट्या. त्यांनी दार लोटले, धन्यास कुशीवर वळविले, तोंडचा फेस पदराने पुसला. शुद्धीवर येऊन तुळाजींनी विचारिले, "मी हितं कसा पडलो?" बाई बोलल्या, "पाय घसरला तुमचा. पडा जरा." आणि तेव्हापासून ती गोष्ट पोटात घेऊन राहिल्या. सांगावी तर धनी खचतो, न सांगावी तर सतरा लेकरे घाटात. बाईंस अन्न गोड लागेना.

मग नेमिले दिवशी उभयता दरबारी आली. बाहेर लिंबाच्या झाडाखाली अर्ज भरून देणारा एक लेखक बसतो, तोच साक्षीदारांस पढवितो. तो म्हणाला, "ताई, आत एकच प्रश्न विचारतात आणि त्याला एकच उत्तर. नाही. पुढं-मागं काही जोडायचं नाही." बाईंनी मान हालविली. आत अमीन नारो त्रिंबक बसले होते. त्यांनी वैद्याचा कागद पाहिला आणि ठीक म्हणाले, मग तुळाजींस विचारिले, "वर्षात झटका?" तुळाजी बोलले, "नाही साहेब. देवाशपथ." आणि त्यांस ठाऊक तेवढे ते खरेच बोलले. मग अमिनांनी शिक्का शाईवर दाबिला आणि वर न पाहताच विचारिले, "बाई, तुमचं काय म्हणणं?"

बाईंनी तुळाजींकडे पाहिले. तुळाजी त्यांजकडे पाहून हसले, भिऊ नको म्हणावे तैसे. अमिनांनी मान वर केली. शिक्का हातातच राहिला.

"आला," बाई बोलल्या. "पौषात, दशमीला सकाळी. दाढी करताना. ह्यांना ठावं न्हाई. पाय घसरला म्हून मीच सांगितलं."

मग अमिनांनी शिक्का बाजूस ठेविला आणि वर्ष त्या दशमीपासून पुन्हा धरावे, वैद्याकडून औषध तपासून घ्यावे, ऐसे लिहिले. तुळाजी उठून बाहेर आले आणि पायरीवर बसले. मग बोलले, "सव्वा महिना झाला. मला का न्हाई सांगितलंस?"

हौसाबाई बोलल्या, "सांगितलं असतं, तर तुम्ही आत खोटं बोलला असता. आन् तुम्ही बोलला असता, तर मीबी बोलले असते."

तुळाजींनी बाईंच्या हातची पिशवी आपल्या हाती घेतली आणि दोघे यष्टीच्या थांब्याकडे चालती जाहली.

तात्पर्य, दरबारच्या दप्तरी या दिवसाची एकच ओळ आहे: परवाना नामंजूर, साक्षीदार पत्नी. नाव लिहावयाची तेथे चाल नाही. सबब आम्ही लिहिले. हौसाबाई तुळाजी मेंगाळ, राहणार डोंगरवाडी. इति.