मुस्यू मोरेल यांची पेटी

माझ्या शिंकेचं परीक्षण करणारा माणूस मला आयुष्यात एकच भेटला. मी शिंकलो, की मुस्यू मोरेल हातातलं पेन खाली ठेवत, डोळे मिटत आणि थोडा विचार करून सांगत, "सुरुवात चांगली. शेवट ढिला." मग पेन उचलून पुढचं काम. एकदा सर्दीत मी लागोपाठ सात शिंका दिल्या, तेव्हा त्यांनी चौथीनंतर हात वर करून मला थांबवायचा प्रयत्न केला. विषय तोच तोच येत होता म्हणे.

ही साठच्या दशकातली गोष्ट. दुबईत खाडीच्या देरा बाजूला कासमशेठची जहाजांची एजन्सी होती आणि मी तिथे कारकून होतो. गाव रत्नागिरीकडचं. आमच्या ऑफिसात कोपऱ्यातलं एक टेबल एका विमा कंपनीने घेतलं होतं आणि त्या टेबलामागे मुस्यू मोरेल बसत. मुस्यू म्हणजे फ्रेंचांचं 'मिस्टर'. बोटीतून आलेला माल भिजला, फुटला, उंदरांनी खाल्ला, तर तो तपासून अहवाल द्यायचा हे त्यांचं काम. साठीला आलेला उंच माणूस, अंगावर बारा महिने काळा कोट. जूनमध्ये दुबईत काळा कोट घालणाऱ्याला काय म्हणावं याचा आम्ही विचार करत होतो, तोवर आमच्या खोलीतल्या दाऊदभाईंनी त्यांचं बारसंच उरकून टाकलं. "मोरेल कसलं, मोरे म्हणा." खोलीवर मग ते मोरेच झाले.

फ्रान्समध्ये हे गृहस्थ एका मोठ्या चर्चमध्ये ऑर्गन वाजवत. ऑर्गन म्हणजे भिंतीएवढं वाद्य, शेकडो नळ्यांचं, आणि त्या नळ्यांत भात्याने हवा भरावी लागते. शिवाय पेपरात संगीतावर टीका लिहीत. ते श्रोत्यांत दिसले की गवयांचा आवाज बसायचा, एक बाई तर गाव सोडून गेली. ही माहिती अर्थातच त्यांच्याच तोंडून. खरंखोटं करायला दुबईत दुसरं कोणी नव्हतं, आणि या गोष्टीचा त्यांनी पुरेपूर फायदा घेतला. मग एवढं सगळं सोडून इथे तांदळाची पोती का मोजताय, असं मी एकदा विचारलं. "खलास," एवढंच म्हणाले आणि टाइपरायटरकडे वळले.

टीकेची सवय मात्र सुटली नव्हती. त्यांचे मालाचे अहवालसुद्धा तसेच असत. "चहाची खोकी. प्रवेश दमदार. तिसऱ्या रांगेत ओलावा जाणवतो. शेवटाकडे पकड सुटते." विमा कंपनीच्या मुंबई ऑफिसातून तार आली, खोकी किती खराब ते कळवा. मोरेल म्हणाले, "ते त्यांनी स्वतः ऐकून ठरवावं." शेवटी खोकी मी मोजली. खाडी ओलांडणाऱ्या होड्यांची इंजिनं, कासमशेठचं घोरणं, दाऊदभाईंचा खाकरा, कशातून कोणी सुटलं नाही. फार आवडलं तर म्हणत, "ऐकण्यासारखं. पण एकदाच."

एक दिवस त्यांना वाद्याची हुक्की आली. दोन्ही पायांनी भाता मारायची पायपेटी मुंबईहून मागवायची ठरली आणि पत्र लिहायचं काम माझ्याकडे आलं. मी लिहिलं, 'एक उत्तम हार्मोनियम पाठवावी.' आमच्या गावात हार्मोनियम एकाच जातीची असते, दुसरी असते हे मला काय ठाऊक. दीड महिन्याने खोकं फोडलं, तर आत भजनी मंडळाची हातपेटी. मोरेल तिच्याभोवती दोनदा फिरले. एका हाताने भाता आणि एका हाताने सूर, हे मी करून दाखवलं, तेव्हा त्यांचा चेहरा कोणीतरी गेल्यासारखा झाला.

"इस्माईल, माझे दोन्ही हात वाजवायला लागतात."

"मग भाता कोण मारणार?"

ते माझ्याकडे बघत राहिले. चूक माझी होती, त्यामुळे मला पळताही येईना.

तेव्हापासून दर शुक्रवारी नमाज आणि जेवण झालं, की मी एजन्सीच्या गोदामात हजर. मोरेल पेटीच्या एका बाजूला, मी दुसऱ्या बाजूला आणि दोघांच्या मध्ये दोरीवर टांगलेला गोणपाटाचा पडदा. मी म्हटलं, पडदा कशाला, इथे कोण परकं आहे? तर म्हणे, भाता मारणारा दिसता कामा नये. त्यांच्या चर्चमध्ये तो भिंतीमागे असायचा आणि वादकाने त्याचं तोंड कधी बघायचं नाही अशी पद्धत होती. मी गोणपाटाच्या भोकातून हात बाहेर काढून तासभर भाता मारायचो. पलीकडून अधूनमधून, घाई करायचा अरबी शब्द घालून, हुकूम यायचा, "हवा! यल्ला, हवा!"

आणि शनिवारी सकाळी ऑफिसच्या दारावर इंग्रजीत टाइप केलेलं परीक्षण. "हवा घाईत होती. तिला घरी जाऊन जेवायचं होतं." मी जेवून आलो होतो, पण टीकाकाराला वस्तुस्थितीशी काय देणंघेणं. खोलीवर दाऊदभाई रोज विचारायचे, "काय इस्माईल, आज हवा कशी आहे?"

इथवर मी हसून सोडलं. पण त्या हिवाळ्यात माझं लग्न जमत होतं. मुलीचे मामा बोटीवर नोकरीला, त्यांची बोट दुबईला लागली म्हणून मला बघायला ऑफिसात आले. दुर्दैवाने मामांना इंग्रजी येत होतं. मी चहा सांगायला आत गेलो आणि बाहेर आलो, तर मामा दारावरचा कागद वाचत उभे. "इस्माईल. दम कमी. सातत्य नाही. जबाबदारी आली की कोसळतो." मी समजावलं, हे पेटीबद्दल आहे. मामा म्हणाले, "हां हां, समझ गया," आणि चहा न घेता गेले. महिन्याभराने घरून पत्र आलं, त्यांनी दुसरीकडे ठरवलं.

माझं डोकं फिरलं. मोरेलना सांगितलं तर म्हणाले, "पण परीक्षण बरोबर होतं." त्या दिवशी मी ठरवलं, या माणसाला एकदा सगळ्यांसमोर धडा शिकवायचा.

संधी लगेच आली. तेव्हा तिथले गोवेकर आणि थोडे गोरे लोक एका बंगल्याच्या हॉलमध्ये प्रार्थनेला जमत. दवाखान्यातल्या नर्स मिसेस डिसूझा तीन वर्षं मोरेलच्या मागे होत्या, की नाताळला आमच्या गाण्याबरोबर वाजवा. ते दरवर्षी म्हणत, "तुमचं गाणं मी रस्त्यावरून ऐकलंय." या वर्षी कोण जाणे का, हो म्हणाले. आणि हो म्हटल्यापासून त्यांची भूक गेली. सरावाला एकच ओळ दहादा वाजवायचे. एका शुक्रवारी पडद्यापलीकडून आवाज आला, "इस्माईल, सोळा वर्षं मी माणसांसमोर वाजवलेलं नाही. जमेल ना?" असं त्यांनी मला पहिल्यांदाच विचारलं होतं. मी म्हटलं, "इन्शाल्ला." मनात आणखीच खूश झालो. ठेच नेमकी कुठे लागेल ते आता मला कळलं होतं.

दाऊदभाई म्हणाले, "नाताळला तिकडे जाऊन तू काय करणार?" मी म्हटलं, भाता मारणार, दुसरं काय.

नाताळच्या सकाळी हॉल भरलेला. गोणपाटाच्या जागी मिसेस डिसूझांची धुतलेली चादर. मी चादरीमागे बसलो. सुरुवातीला मोरेल एकटेच वाजवणार होते. त्यांनी वाजवायला घेतलं आणि खरं सांगतो, त्या पेटीतून तसं काही निघेल असं मला वाटलं नव्हतं. मागच्या खुर्च्यांवरचं खोकणं थांबलं. सूर चढत चढत वर गेले आणि अगदी वर पोचले तेव्हा मी हात काढून घेतला.

पेटी कण्हली आणि गप्प झाली.

मला वाटलं, आता ओरडतील. "हवा!" म्हणतील, लोक हसतील आणि माझं काम होईल. उत्तरही तयार होतं, हाताला गोळा आला म्हणून सांगायचं. पण पलीकडे खुर्ची पडली. चादर दोरीसकट खाली आली आणि मोरेल माझ्यासमोर गुडघ्यांवर होते. तोंड पांढरंफटक. त्यांनी माझं मनगट धरलं, नाडी शोधली, सापडेना म्हणून दुसरा हात धरला. "मार्त," म्हणाले. मग म्हणाले, "इस्माईल? इस्माईल, तू आहेस ना?"

"आहे," मी म्हणालो. हाताच्या गोळ्याचं उत्तर तोंडातच राहिलं.

ते तिथेच, सगळ्यांसमोर, जमिनीवर बसून राहिले. मिसेस डिसूझांनी पाणी आणलं, ते त्यांनी आधी मला प्यायला लावलं. आणि हळू आवाजात, लोकांकडे पाठ करून, मला सांगितलं. मार्त त्यांची बायको. अठरा वर्षं चर्चच्या भिंतीमागे भाता तीच मारायची. एका रविवारी मध्येच हवा बंद झाली. "मी भिंतीवर हात आपटला. तीन वेळा. हवा, हवा म्हणून ओरडलो. रागावलो होतो, म्हणून उठून लगेच गेलो नाही. मनातल्या मनात तिच्यावर टीका लिहीत बसलो. मग गेलो." एवढं सांगून त्यांनी पुन्हा माझं मनगट धरून नाडी पाहिली.

मला तिथल्या तिथे मेल्यासारखं झालं.

लोक थांबले होते. मिसेस डिसूझा चादर पुन्हा बांधायला लागल्या, तेव्हा मोरेलनी ती त्यांच्या हातातून काढून घेतली आणि घडी करून खुर्चीखाली ठेवली. पेटी थोडी फिरवली. मला स्टुलासकट ओढून अशा जागी बसवलं, की मान न वळवता त्यांना माझा चेहरा दिसेल. मग त्यांनी सूर दिला आणि सगळे उभे राहून गाऊ लागले. गाणारे बेसूर होते, हे मलासुद्धा कळत होतं. मोरेलचं तिकडे लक्ष नव्हतं. प्रत्येक कडवं संपलं, की ते माझ्याकडे बघून हळूच विचारत, "ठीक?"

मी मुद्दाम थांबलो होतो हे मी त्यांना सांगितलं नाही. त्या दिवशीही नाही आणि नंतरही कधी नाही. मी भाता मारत होतो आणि त्यांनी विचारलं की मान हलवत होतो. चौथ्या कडव्यानंतर मला त्यांच्याकडे बघवेना, तेव्हा मी खाली बघूनच, त्यांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात, "ठीक आहे" म्हणालो.