एस्तेरआत्याचा ठेका

एस्तेरआत्या वारली, तिला माती दिली, पण तिचा ड्रमचा ठेका घरीच राहिला. रोज संध्याकाळी तो लोखंडी कपाटातून वाजायचा. आत्या दौंडच्या रेल्वे इन्स्टिट्यूटमध्ये रॉक बँडचे ड्रम बडवायची. हॉलशेजारून गाडी धडधडत गेली की बाकीचे बावचळायचे, आत्या गाडीलाच आपल्या तालात ओढायची. ठेक्यालाही तीच खोड होती. गाडी आली की आमचं कपाट हलायचं.

शेजाऱ्यांची तक्रार नव्हती. तक्रार माझी होती, आणि ती पप्पांबद्दल. बँडची एकच रेकॉर्ड निघाली, तिच्यावरच्या फोटोत ड्रमपुढे पप्पा बसलेत. फोटोवाला म्हणाला होता, पोरगी तिथे शोभत नाही, तिच्या भावाला बसवा. अहो, या माणसाच्या चर्चमधल्या टाळ्यासुद्धा चुकतात! पण लोक "वा सायमन, काय वाजवलंस" म्हणायचे आणि पप्पा गालातल्या गालात हसायचे. आत्या कधी बोलली नाही. मला त्याचाच जास्त राग येतो.

मग एका संध्याकाळी, कपाट वाजत असतानाच, वारसा संग्रहालयातून जुन्नरकर नावाचे साहेब ठेका न्यायला आले. कुठेतरी पाणी मुरतंय हे मी तेव्हाच ओळखलं. नाहीतर पप्पांनी सकाळपासून इस्त्रीचा शर्ट कशाला घातला असता?

"ठेका कोणाचा?" जुन्नरकरांनी विचारलं.

"आत्याचा," मी म्हणाले.

"रेकॉर्डवर तर हे दिसतात."

"फोटोतून आवाज येतो का हो?"

"तसं नाही, बाई. ज्याचा फोटो, त्याचा जबाब. आमची पद्धत आहे." ते पप्पांकडे वळले. "बोला, कोणाचा?"

पप्पांनी कपाटाकडे पाहिलं. मग माझ्याकडे. मग स्वतःच्या चपलांकडे.

"माझाच," ते म्हणाले.

कपाट गप्प झालं. जुन्नरकरांनी दार उघडलं, तर आत नुसत्या चादरी. तेवढ्यात पप्पांच्या शर्टाची बटणं हलायला लागली. जुन्नरकरांनी त्यांच्या छातीला कान लावला.

"मालकाकडे पोचला," ते म्हणाले.

"अहो, काढा हा!" पप्पा ओरडले.

"मालकापासून ठेका वेगळा करता येत नाही. आता तुम्हालाच यावं लागेल."

तेव्हापासून पप्पा पुण्याच्या संग्रहालयात खुर्चीवर असतात. लोक येतात, ठेका कोणाचा म्हणून विचारतात. पप्पा "माझा" म्हणाले की ठेका बंद पडतो, आणि त्या छातीत आता दुसरं काहीच वाजत नाही. ते पांढरेफटक पडतात. "माझ्या बहिणीचा" म्हटलं की पुन्हा सुरू.

मी दर रविवारी चर्च सुटलं की डबा घेऊन जाते. इतरांसारखी तिकीट काढून रांगेत उभी राहते. वाईट वाटतं का? थोडं वाटतं, बाप आहे माझा. पण विश्वास नाही.

"ठेका कोणाचा?" मी विचारते.

"एस्तेरचा."

"आडनावासकट, पप्पा. मोठ्याने."

"एस्तेर उजागरेचा!"

मी छातीला कान लावून खात्री करून घेते. मग डबा उघडते.