खटल्यांची अदलाबदल

"तुम्ही कबूल झालात? मला न विचारता?" वकीलसाहेबांनी चष्मा काढून टेबलावर आपटला. "आपली केस तिच्या गावाला न्यायला तुम्हीच हो म्हणालात? मी विरोध करायला उभा राहतोय, आणि मागून माझाच अशील म्हणतो, हरकत नाही!"

समोरचा नवरा पाणीपुरवठा कार्यालयात मीटर तपासायचा. तो खाली मान घालून म्हणाला, "तिला बस लागते, साहेब. अर्जात तिने लिहिलंय ते खरं आहे. अख्खा प्रवास खिडकीला डोकं टेकून बसते बिचारी."

"बिचारी? तिच्यावर चोरीची फिर्याद आहे तुमची!"

"ती आहेच. मिक्सर नेलाच ना तिने. पण बस लागते, त्याला काय करणार?"

मुळात भांडण एवढंसं. लग्न झालं, पण त्याची नोकरी त्याच्या गावात आणि तिची तिच्या गावात, एका रक्त तपासायच्या प्रयोगशाळेत. बदली कुणी करून घ्यायची, यावरून रोज फोनवर जुंपायची. 'तू ये' आणि 'तूच का नाही येत' यापलीकडे गाडी सरकतच नसे. एकदा तीच मन मोठं करून, न कळवता, सामान घेऊन त्याच्या दारात आली. दाराला कुलूप. सासूबाई डोळ्यांच्या डॉक्टरकडे गेलेल्या आणि हा कुठल्यातरी खड्ड्यात उतरून मीटर वाचत होता, फोन वर पिशवीत. तिला वाटलं, आपण येतोय हे कुणाकडून तरी कळलं आणि मुद्दाम कुलूप लावलंय. तिने कुलूप फोडलं, लग्नात आलेला आपला मिक्सर उचलला आणि आल्या पावली परत गेली.

झालं! त्याने आपल्या गावात चोरीची फिर्याद केली. तिने आपल्या गावात, नवऱ्याने आणि सासूने छळ करून घराबाहेर काढल्याची. दोन्हीकडच्या वकिलांनी त्यावर अशी काही फोडणी दिली, की वाचताना दोघांनाही आपण कुणा भलत्याच माणसाशी लग्न केलंय असं वाटावं. मग दोघांनीही वरच्या कोर्टात अर्ज टाकले. समोरच्याची केस माझ्या गावी आणा, मला तिकडे जाणं झेपत नाही. वकिलांची सक्त ताकीद होती, एकमेकांशी एक शब्द बोलायचा नाही, बोललात की केस हातची गेली म्हणून समजा.

आता गंमत बघा. तिकडे तिच्या वकीलबाईही कपाळाला हात लावून बसल्या होत्या. "अगं, तुझी केस त्यांच्या गावाला जाऊ दे म्हणालीस? शुद्धीवर आहेस ना?"

"सासूबाईंचे गुडघे कामातून गेलेत हो," ती म्हणाली. "नवऱ्याचं काय वाट्टेल ते होवो. पण त्या बाईला मी एवढा वेळ बसमध्ये कोंबणार नाही. मला झोप नाही लागणार."

दोन अर्ज दोन वेगवेगळ्या न्यायमूर्तींपुढे होते. दोघांनाही वाटलं, चला, एक तरी प्रकरण गोडीत मिटलं. दोन्ही अर्ज मंजूर झाले. त्याची केस तिच्या गावी गेली, तिची त्याच्या गावी आली. माणसांची बदली होता होत नव्हती, खटल्यांची मात्र हां हां म्हणता झाली. आणि नशीब असं, की दोन्हीकडची तारीख एकाच दिवशी पडली.

ती सकाळीच त्याच्या गावच्या कोर्टात पोचली तेव्हा तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. बाकावर सासूबाई उशी घेऊन बसल्या होत्या. दोघींनी एकमेकींकडे पाहिलं नाही. नाही म्हणजे, पाहिलं नाही असं दाखवलं.

पुकारा झाला. न्यायाधीशांनी विचारलं, "आरोपी नंबर एक कुठे आहे?"

"तो हिच्या गावाला गेलाय, साहेब," सासूबाई म्हणाल्या. "हिच्यावर केस चालवायला."

"आणि ह्या?"

"ही इथे आलीय आमच्यावर केस चालवायला."

न्यायाधीशांनी कागद उलटसुलट करून पाहिले. "आजी, आरोपी गैरहजर आहे. मला वॉरंट काढावं लागेल."

तिकडे तेच चाललं होतं. आरोपी गैरहजर, फिर्यादी हजर, आणि तिचे वडील हात जोडून सांगतायत, "मुलगी ह्यांच्याच गावी गेलीय हो!" तिथेही वॉरंट निघालं.

इकडे तिने वॉरंट हा शब्द ऐकला. त्याला पकडून नेतील हे तिच्या डोक्यातच आलं नव्हतं. तिला त्याला हरवायचं होतं, गमवायचं नव्हतं. ती बाकावर बसली आणि रडायला लागली.

"उलटी येतेय का?" सासूबाईंनी उशी तिच्या पाठीशी सरकवली.

"नाही."

"मग चल घरी. पोटात काही नसेल तुझ्या. केस काय, पुढच्या तारखेला चालव."

त्याचीही गत तीच. परतीची बस निघून गेली होती. सासरे म्हणाले, "जावईबापू, आमच्यावर राग असेल तो असू द्या, पण रात्री स्टँडवर बसू नका. लोक मला नावं ठेवतील."

दुसऱ्या दिवशी सकाळी हवालदार वॉरंट घेऊन त्याच्या दारात आला. दार तिने उघडलं. हातात चहाचं भांडं, अंगावर सासूबाईंचा गाऊन.

"आरोपी आहे का घरात?"

"नाही. ते माझ्या माहेरी आहेत."

"तुम्ही कोण?"

"मी फिर्यादी."

हवालदाराने टोपी काढून डोकं खाजवलं. "म्हणजे तुम्ही त्यांच्या घरी आणि ते तुमच्या घरी? मग बाई, भांडण कशावरून होतं?"

तिने त्याच्यासाठी कपात चहा ओतला. कुणी कुणाच्या गावाला जायचं यावरून, हे सांगायची तिला लाज वाटली. तेवढ्यात तिचा फोन वाजला. वकिलांची ताकीद मोडून तोच बोलत होता. "ऐक, इथे पोलीस आलाय तुझं वॉरंट घेऊन. तू घाबरू नकोस. मी निघतोय. की तू येतेस?"

आतून सासूबाई ओरडल्या, "तू हलू नकोस गं! नाहीतर पुन्हा रस्त्यात चुकाल."

"मी इथेच आहे," ती फोनवर म्हणाली. "तू ये. नोकरीचं काय ते समोरासमोर बघू."

हवालदाराने चहा घेतला, पेन काढलं, बराच विचार केला आणि वॉरंटाच्या मागे शेरा लिहिला. 'आरोपी घरी मिळून आला नाही. फिर्यादी मिळून आली. ती जायला तयार नाही.'