चौथ्या पायाचा पुरावा

गणिताच्या सरांचं जेवणाचं टेबल डुगडुगत होतं आणि दोष कुणाचा, यावरून नवरा-बायकोत सकाळपासून जुंपली होती. टेबल बायकोच्या वडिलांनी करून दिलेलं. ते जन्मभर सुतारकाम केलेले. फरशी मात्र सरांनी स्वतः समोर उभं राहून बसवून घेतलेली. आणि दुपारी सासरेबुवा जेवायला येणार होते.

"बाबांच्या टेबलाला नावं ठेवायची नाहीत. फरशीच वाकडी आहे तुमची," बायको म्हणाली.

"नावं कोण ठेवतंय? मी सिद्ध करून दाखवतो."

मागच्या रविवारी पेपरांचा खण आपल्या खुर्चीकडे यावा म्हणून सरांनी ते चौरस टेबल पाव फेरा फिरवलं होतं आणि त्याच दिवशी ते डुगडुगायला लागलं होतं. पण या दोन गोष्टींचा संबंध लावायला गणित थोडं कमी यावं लागतं.

सरांनी टेबल उताणं पाडलं, फळीचा एक कोपरा शून्य धरला आणि चारही पायांच्या टोकांची मापं घेऊन कागद भरला.

"हे काय आता?"

"एका टोकापासून बाकीच्या तीन टोकांपर्यंत तीन सदिश घ्यायचे. तिघांचा मिळून गुणाकार शून्य आला, तर चारही टोकं एका प्रतलात. म्हणजे टेबल निर्दोष."

"आणि नाही आला तर?"

"तर मग तुझे बाबा."

शून्य आला नाही. एक पाय चार मिलीमीटर लांब निघाला. इतका आनंद सरांना कुठल्या पहिल्या नंबराच्या विद्यार्थ्यानेही दिला नव्हता. बायकोचा मात्र चेहरा पडला. बाबांचं माप चुकलेलं तिनं आजवर पाहिलं नव्हतं. तिला खरंच वाईट वाटलं.

"त्यांना बोलू नका हं काही," ती हळूच म्हणाली.

"छे, मी कशाला बोलतोय? गुपचूप कापून टाकतो," सर उदारपणे म्हणाले.

पाय कापला. पुन्हा मापं घेतली, पुन्हा गुणाकार केला. या वेळी चोख शून्य. टेबल सरळ उभं केलं, तर डुगडुग निम्मी झाली होती, गेली नव्हती.

"शून्य आलाय ना आता?" बायकोनं विचारलं.

"हो."

"म्हणजे टेबल निर्दोष?"

"अगदी."

"मग हलतंय काय?"

सर फरशी सोडून सगळीकडे बघू लागले. तेवढ्यात बेल वाजली.

सासरे आले, पानावर बसले, टेबलावर हात टेकला आणि पेल्यातलं पाणी ताटात सांडलं. ते खाली वाकले. ताजा भुसा त्यांनी बोटावर घेऊन पाहिला.

"जावईबापू, हा पाय मी मुद्दाम लांब ठेवला होता हो. टेबल फिरवण्याआधी हा होता, त्या पलीकडच्या कोपऱ्यात फरशी चार मिलीमीटर खाली आहे. तुम्ही एवढी हौसेनं बसवून घेतलेली, म्हटलं कशाला बोलून दाखवायचं."

सरांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. बायको वाढत राहिली. तिच्या चेहऱ्यावर मात्र पुन्हा तेज आलं होतं.

सासऱ्यांनी शेजारचा गणिताचा कागद उचलला, चष्मा लावून शेवटपर्यंत वाचल्यासारखा पाहिला, पाच घड्या घालून त्या कोपऱ्यातल्या पायाखाली सारला आणि टेबल हलवून बघितलं.

"गणित बरोबर आहे तुमचं," ते म्हणाले. "अजून एखादं पान कराल का? थोडं कमी पडतंय."