बॅरिस्टर बेंटसिल यांचे तहकूब दफन

न्यायदेवता आंधळी असते हे सर्वांना ठाऊक आहे. ती मनाने अत्यंत हळवी असते, हे मात्र मुरलेल्या वकिलांनाच ठाऊक असते. आजारपण, वीज जाणे, साक्षीदार समुद्रावरून न परतणे, या कारणांना ती दाद देईलच असे नाही. पण मयत म्हटले की तिच्या हातातला तराजू आपोआप खाली येतो. आफ्रिकेच्या किनाऱ्यावरच्या आमच्या केप कोस्टात तर मयताला नाही म्हणणारा माणूस अजून जन्मायचा आहे. (जन्मलाच, तर त्याच्या मयताला कुत्रेही फिरकणार नाही.)

हे सत्य बॅरिस्टर एको बेंटसिल यांना वकिलीच्या पहिल्याच वर्षी गवसले. लंडनला बॅरिस्टर होण्यासाठी नेमून दिलेली जेवणे जेवावी लागतात. ती सगळी त्यांनी जेवली होती. परतल्यावर त्यांनी डोक्यावर घोड्याच्या केसांचा टोप चढवला, आजी वारल्याचे सांगून तारीख मागितली, आणि एका थोर कारकिर्दीचा पाया घातला गेला.

बेंटसिलसाहेब आयुष्यात एकही दावा हरले नाहीत. (जिंकलेही नाहीत. दावा संपेल तेव्हा ना!) त्यांचा एकच दावा प्रत्यक्ष सुनावणीपर्यंत पोचला; त्या दिवशी त्यांना खरोखर ताप होता आणि मुदत मागायला ते हजर नव्हते.

न्यायालयापुढे वेळोवेळी आलेल्या माहितीनुसार त्यांच्या आजी पाच वेळा वारल्या, मामा अकरा वेळा (आमच्याकडे माणूस आईच्या कुळाचा, त्यामुळे मामांना मागणी जास्त), सासरे आदरापोटी दोनदाच, आणि आई तीन वेळा. यातल्या आई, म्हणजे म्हाताऱ्या एफुआ, बाजारात भाजलेले मासे विकत असत.

"काय रे एको," एकदा त्या संतापून घरी आल्या, "आज जज्जसाहेबांची बायको मला बघून टोपली टाकून पळाली. पुन्हा मारलंस मला?"

"आई, अशिलाची अडचण होती गं."

"मग त्याच्या आईला मार की मेल्या!"

"ती समोरच्यांची साक्षीदार आहे."

शेवटी तडजोड झाली. वारल्यानंतर एफुआबाईंनी आठवडाभर बहिणीकडे राहायचे, असे ठरले.

बॅरिस्टर तत्त्वाचे पक्के होते. न्यायालयाशी खोटे बोलणे त्यांना रुचत नसे. मयत सांगितले की ते त्या शनिवारी कुठल्या ना कुठल्या मयताला जातच. दुखवट्याचे काळे-तांबडे कापड खांद्यावर टाकून प्रामाणिकपणे रडत. याची किंमत घरच्यांनी मोजली. सख्ख्या मुलीच्या लग्नातून ते अर्ध्यातच उठून एका अनोळखी सुताराला माती द्यायला गेले. (सुताराच्या घरचे आजही त्यांचे नाव काढतात. मुलगी काढत नाही.) पत्नी अराबा रोज सकाळी मक्याची केंकी वाढता वाढता त्यांची तालीम ऐकत असे.

"अराबा, 'आकस्मिक निधन' म्हणू की 'दीर्घ आजाराने'?"

"मागच्या खेपेला आजी आकस्मिक गेली. या खेपेला जरा झिजू दे तिला."

पुढे एका मंगळवारी, "माय लॉर्ड, अत्यंत दुःखद कारणास्तव—" एवढे बोलून बॅरिस्टर बेंटसिल भर न्यायालयात कोसळले आणि वारले. समोरच्या वकिलांनी तत्काळ हरकत घेतली की ही त्यांची नेहमीची युक्ती आहे. हरकत फेटाळून पुढची तारीख देण्यात आली.

अराबाबाईंची इच्छा साधी होती. जिवंतपणी जो माणूस शनिवारी कधी घरी नव्हता, तो निदान आता आपल्या घरामागच्या दफनभूमीत, हाकेच्या अंतरावर असावा. पण बॅरिस्टरांच्या बहिणीचा मुलगा जोजो कुळातर्फे उभा राहिला.

"मामी, मामा तुझा नवरा होता तो जिवंत असेतो. मेलेला माणूस कुळाचा. तो आमच्या गावी जाणार."

"तीस वर्षं त्याचे कपडे कुळानं धुतले का रे?"

जोजोने न्यायालयातून दफनाला मनाई आणली. निकाल लागेपर्यंत बॅरिस्टर शीतगृहात राहिले.

दोन्ही बाजूंना वकील मिळाले ते बेंटसिलसाहेबांच्याच हाताखाली घडलेले. सुनावणीच्या दिवशी जोजोचे वकील डाडझी उठले. "माय लॉर्ड, माझे गुरू वारले आहेत. शनिवारी त्यांचे दफन आहे. मुदत मिळावी."

अराबाबाईंचे वकील अटो लगबगीने उठले. "माझेही तेच गुरू, माय लॉर्ड."

न्यायमूर्तींनी तत्काळ लेखणी उचलली. (त्यांनीही दफनासाठी कापड शिवायला टाकले होते.) "दोन्ही वकिलांना शनिवारच्या दफनाला जाता यावे म्हणून हे प्रकरण पुढे ढकलण्यात येत आहे."

याप्रमाणे दावा चालू असल्याने दफन होऊ शकत नव्हते, आणि दफन असल्याने दावा चालू शकत नव्हता. एवढा निर्दोष बंदोबस्त खुद्द गुरूंनाही कधी साधला नव्हता. नगरातल्या जाणकारांनी शिष्यांचे मनापासून कौतुक केले.

तेवढ्यात अराबाबाई उभ्या राहिल्या.

"माय लॉर्ड, एक विचारू? शनिवारी दफन आहे, असं आत्ता कोर्टच म्हणालं ना?"

"म्हणालं."

"आणि दफन करायचं नाही, हेही कोर्टानंच सांगितलंय. मग हे दोघं शनिवारी जाणार कुठं? दफन असेल, तर मनाई उठवा. नसेल, तर हे दोघं आपल्या तोंडावर खोटं बोलले. माझा नवरा काहीही करी, पण सांगितल्यावर मयताला जाई हो!"

न्यायमूर्तींनी चष्मा काढला आणि दोन्ही वकिलांकडे पाहिले. न्यायालयाशी खोटे बोलणाऱ्या वकिलाचा टोप किती दिवस डोक्यावर राहतो, हे दोघांना तोंडपाठ होते. डाडझींनी जागच्या जागी मनाईचा अर्ज मागे घेतला.

"मला न विचारता?" जोजो किंचाळला.

"तुला विचारायला मुदत मागितली असती रे, पण कारण कुठलं सांगू?"

शनिवारी बॅरिस्टर बेंटसिल घरामागे, हाकेच्या अंतरावर, कायमचे मुक्कामी आले. सारे न्यायालय लोटले होते. त्यांचे अशील धाय मोकलून रडले, कारण नवा वकील आता कागद वाचायला मुदत मागणार होता. एफुआबाईही पुढच्या रांगेत बसल्या होत्या. त्यांना पाहून कित्येकांनी छातीवर क्रुसाची खूण केली. मूठभर माती टाकून अराबाबाई म्हणाल्या, "बस आता घरी."

वाचकहो, तुम्ही बराच वेळ गालातल्या गालात हसता आहात. खुशाल हसा. फक्त हसून झाले की एकदा आठवून पाहा: शाळेपासून कचेरीपर्यंत तुमची आजी एकूण किती वेळा वारली, आणि त्यातल्या शेवटच्या खेपेला तुम्ही गेला होतात का?